सात तारखेची कपात

पाच वर्षं मी हे सांगायचं टाळत आलो आहे. विषय जवळ आला की मी दुसरंच काही काढायचो — गुडघे, पाणीपट्टी, गल्लीतली कुत्री. बायकोला सांगितलं नाही, आणि आता ती राहिली नाही. पुतणीला सांगितलं नाही, आणि ती शेजारच्याच खोलीत असते. तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून तुमच्यापाशी बोलणं सोपं जाईल असं वाटलं होतं. तसं काही होत नाहीये. तरी लिहितो.

मी चौतीस वर्षं बँकेत होतो. शेवटची सहा वर्षं इथेच, उज्जैनला, माधव नगरच्या शाखेत मॅनेजर. संशय घेणं हा माझ्या कामाचाच भाग होता — सही जरा वाकडी दिसली की चेक बाजूला, नजर चुकवणारा माणूस दिसला की दोन प्रश्न जास्त. त्याबद्दल लोक माझं कौतुक करायचे. मलाही स्वतःचं कौतुक होतं. हे आधी सांगून ठेवतो, कारण पुढे जे घडलं ते अज्ञानातून घडलं असं तुम्हाला वाटायला नको.

माझ्या धाकट्या भावाची मुलगी मंजिरी. भाऊ गेल्यापासून ती आमच्याकडेच. तिने इथल्याच भैरवगढ भागातल्या नसीमबरोबर दुपट्ट्यांचा धंदा सुरू केला. नसीमच्या सासरी तीन पिढ्या कापडावर लाकडी ठप्प्यांची छपाई. सासऱ्यांचा हात कापडावर पडला की रेघ हलायची नाही. नसीम छपाई बघायची, महिन्याच्या पहिल्या आठवड्यात इंदूरला जाऊन कापड आणि रंग आणायची. मंजिरी फोटो काढून दुपट्टे इंटरनेटवर विकायची. दोघी पस्तिशीच्या आसपास, दोघी बडबड्या. आमच्या ओसरीवर दुपट्टे पसरून बसायच्या आणि माझ्या चहात साखर किती यावरून मला चिडवायच्या. नसीम मला ‘बाबूजी’ म्हणायची.

धंदा वाढला तशी कंपनी नोंदवायची ठरली. इंटरनेटवर कंपन्या नोंदवून देणाऱ्या बऱ्याच संस्था आहेत. त्यातली एक मीच निवडली. ‘तुम्ही पोरी, तुम्हाला यातलं काय कळणार’ — असं म्हणालो नाही, पण वागलो तसंच. कागद मी भरले, ईमेल मी उघडला, त्याचा पासवर्ड माझ्या डायरीत. बँकेच्या खात्याला मोबाईल नंबरही माझाच दिला. कंपनीच्या नावाचं डेबिट कार्ड आलं, ते पहिले दोन दिवस माझ्याकडे होतं. मग नसीमकडे दिलं, कारण खरेदी तिची.

चार महिन्यांनी खात्यातून पैसे जायला लागले. चौदाशे नव्व्याण्णव. तारीख सात. पुढच्या महिन्यात पुन्हा सात, पुन्हा तेवढेच. मेसेजमध्ये ज्याच्या नावावर गेले ते नाव अर्धवट, कुठल्यातरी दुकानासारखं. आणि शेवटी कार्डाचे चार आकडे — नसीमकडच्या कार्डाचे.

आता सांगा, अशा वेळी शहाणा माणूस काय करेल? शाखेत जाईल आणि काउंटरवर विचारेल, हे कसले पैसे? पाच मिनिटांचं काम. पण ती शाखा माझी होती. ज्या खिडकीच्या आत मी बसलो, तिच्या बाहेर उभं राहून ‘हे काय आहे हो’ असं विचारायचं — ते मला जमलं नाही.

त्यापेक्षा संशय घेणं जमलं. सात तारीख म्हणजे पहिला आठवडा. पहिला आठवडा म्हणजे इंदूर. मी डायरीत लिहायला लागलो — नसीम कधी गेली, कधी आली, हातात काय होतं. तिने नवा फोन घेतला, ते लिहिलं. मुलीला नव्या शाळेत घातलं, ते लिहिलं. ती हसली तर वाटायचं, जास्तच हसतेय. गप्प बसली तर वाटायचं, का गप्प आहे? दुपट्ट्यांचे गठ्ठे ती गेल्यावर मी मोजायचो. कधीही कमी भरले नाहीत. त्याचाही मला संशय आला — इतकं बरोबर कसं?

कार्ड मंजिरीकडे असतं तर मी डायरी उघडली असती का? नसीमचं नाव जोशी किंवा कुलकर्णी असतं तर? या प्रश्नाचं उत्तर मला त्या वेळीही माहीत होतं. आम्ही या गावात कित्येक पिढ्या आहोत, ईदची खीर आमच्याकडे येते, आमचा फराळ तिकडे जातो. मला वाटायचं, माझ्यात तसलं काही नाही. होतं. नीट घडी घालून ठेवलेलं होतं.

पाचव्या महिन्यात मी खात्याचा उतारा छापून आणला, त्या पाच ओळींवर लाल रेघा मारल्या आणि दोघी ओसरीवर असताना नसीमसमोर ठेवला. मंजिरी म्हणाली, “अप्पाकाका, हे काय आता मध्येच?” मी तिच्याकडे बघितलं नाही.

“नसीम, ये हर सात तारीख को क्या लेती हो?”

तिने कागद जवळ धरून वाचला आणि हसली. “मेरे को नी मालूम, बाबूजी. बैंक वाले तो आप हो, आप बताओ.”

“कार्ड तो तुम्हारे पास रहता है.”

एवढंच बोललो. चोर म्हणालो नाही — मी बँकेत शिकलेला माणूस, मला शब्द न वापरता आरोप करता येतो. तिचं हसू लगेच गेलं नाही; थोडं थोडं करत गेलं. तिने मंजिरीकडे बघितलं. मंजिरीने काहीतरी बोलायला हवं होतं, पण ती माझ्याकडे बघत होती, कारण आमच्या घरात पैशाच्या बाबतीत शेवटचा शब्द माझा. नसीमने पर्समधून कार्ड काढलं. छोट्या प्लास्टिकच्या पिशवीत घालून ठेवलं होतं, रंगाचे हात लागू नयेत म्हणून. ते उताऱ्यावर ठेवलं.

“दुपट्टे भी गिन लो, बाबूजी. वैसे तो आप रोज गिनते ही हो.”

तिला माहीत होतं. इतके महिने माहीत होतं, आणि तरी ती येत होती, माझ्या चहात साखर घालत होती.

ती गेली, ती पुन्हा आमच्या ओसरीवर आली नाही. कार्ड मी माझ्या कपाटात कुलपात ठेवलं.

पुढच्या सात तारखेला मेसेज आला. चौदाशे नव्व्याण्णव.

कुलूप उघडून बघितलं. कार्ड जागेवर. मग डायरीतला पासवर्ड शोधून कंपनीचा तो ईमेल उघडला — पहिल्या आठवड्यानंतर मी तो उघडलाच नव्हता. चाळीसेक पत्रं पडली होती. सगळी त्या नोंदणी करून देणाऱ्या संस्थेची. ‘तुमची सेवा सुरू झाली.’ ‘उद्या तुमच्या कार्डातून रक्कम कापली जाईल.’ दर महिन्याच्या सहा तारखेला, न चुकता. आणि सगळ्यात खाली, मी भरलेला फॉर्म.

कंपनी झाल्यावर, कार्ड माझ्या हातात असताना, त्या संस्थेतल्या एका मुलीने फोन करून तो भरून घेतला होता. गोड आवाज, दर वाक्याला ‘सर’. फॉर्मच्या शेवटी पाच-सहा चौकोन होते — पत्त्याची सेवा, वार्षिक कागदपत्रांची सेवा, कागद जपून ठेवण्याची सेवा, पहिले तीन महिने मोफत. मी सगळ्या चौकोनांत खुणा केल्या होत्या. का? कारण चौतीस वर्षं मी लोकांचे फॉर्म परत करत आलो होतो, ‘चौकोन रिकामा ठेवू नका’ म्हणून. रिकामा चौकोन मला सहन होत नाही. वाचलंसुद्धा नाही मी. खुणा केल्या, कार्डाचा नंबर टाकला, माझ्या फोनवर आलेला ओटीपी टाकला.

त्या संस्थेला फोन केला, आवाज चढवला. ती मुलगी शांतपणे म्हणाली, “सर, एक्टिव तो आपने ही किया था.” सेवा बंद झाली. पैसे परत मिळाले नाहीत. त्या लोकांवर राग धरता येईल — मोफत म्हणायचं, मग दुसऱ्याच नावाने कापत राहायचं, ही काय रीत झाली? पण नसीमसमोर कागद त्यांनी ठेवला नव्हता.

त्या संध्याकाळी मंजिरीने विचारलं, “काका, ते पैसे जायचे थांबले का?”

मी म्हणालो, “थांबले.”

बस. हाच माझा गुन्हा. संशय ही चूक होती असं एक वेळ म्हणता येईल. हे ‘थांबले’ मी विचार करून बोललो. तिने त्याचा जो अर्थ घ्यायचा तो घेतला, आणि मी तो घेऊ दिला. नंतर कोणी विचारलं, तुम्ही दोघी वेगळ्या का झालात, की ती म्हणायची, “हिशोबात जरा गडबड होती.” वाईट हेतूने नाही. पण गाव लहान आहे. इंदूरचा कापडवाला नसीमला महिन्याच्या उधारीवर माल द्यायचा, तो रोख मागायला लागला. मग तिने स्वतःचं काम बंद केलं आणि दुसऱ्याच्या कारखान्यात रोजावर ठप्पे मारायला लागली. हे मला कळत होतं. एक एक गोष्ट, एक एक महिन्याने. प्रत्येक वेळी माझ्या तोंडून निघालेल्या एका वाक्याने हे थांबलं असतं.

एकदा भैरवगढला गेलो. तिच्या सासऱ्यांनी चहा पाजला, खुर्ची पुसून दिली, एका शब्दाने विचारलं नाही की कशाला आलात. ती कामावर होती. मी एक चादर विकत घेतली आणि परत आलो. भाव केला नाही, आणि त्याचंच मला दोन दिवस समाधान वाटलं, बघा.

गेल्या उन्हाळ्यात ती देवास गेटला बसस्टँडवर भेटली. मी पाठ वळवायच्या आत तिने ओळखलं आणि स्वतःहून जवळ आली. केस पांढरे व्हायला लागलेत. “घुटने कैसे हैं, बाबूजी?” म्हणाली. मंजिरीचं विचारलं. इंदूरची बस लागत होती, लोक चढत होते, तिच्या हातात पिशवी होती. माझ्याकडे वाक्य तयार होतं, किती वर्षांपासून तयार होतं — नसीम, गलती मेरी थी. चार शब्द. ती ऐकेल इतक्या जवळ उभी होती, आणि ती थांबलीही होती, जाण्याची घाई न करता.

मी म्हणालो, “आज धूप बहुत है.”

“हाँ, बाबूजी,” ती म्हणाली, आणि बसमध्ये चढली.