चटका कळेपर्यंत

भूकंपानंतर नवऱ्याच्या कंपनीने ऑफिस ओसाकाला हलवलं आणि आम्ही टोकियोच्या हिगाशी-कसाई भागातलं घर सोडलं. नव्या घरातही मला सारखं जमीन हलतेय असं वाटायचं. शेजारणीने मला ओक्यूचे उपचार करणाऱ्या एका बाईंकडे नेलं. सत्तरीच्या होत्या, सगळे त्यांना सेन्सेई, म्हणजे गुरू, म्हणत. वाळक्या पानांच्या मऊ भुग्याची तांदळाएवढी गोळी कातडीवर ठेवायची, उदबत्तीने पेटवायची, चटका बसला की विझवायची. मला बरं वाटलं. पुढे मी त्यांच्याकडे शिकायलाच जाऊ लागले.

आधी स्वतःवर करा, काय जाणवतं ते नीट बघा, असं त्या सांगत. रोज आमच्यासमोर स्वतःच्या पायांवर गोळ्या जाळत.

एकदा डाव्या पावलावर एकामागून एक गोळ्या जळाल्या, तरी त्यांचा चेहरा हलला नाही. "काहीच कळत नाही," त्या कुतूहलाने म्हणाल्या. "आता कळेपर्यंत लावायच्या."

करंगळीखाली जखम होती, कडा काळ्या पडलेल्या. पुण्यात बाबांचा पाय असाच दिसायचा.

वर्ग सुटल्यावर मी मागे थांबले. "सेन्सेई, माझ्या वडिलांचं असंच झालं होतं. डायबेटिस होता. तुम्ही आजच हॉस्पिटलमध्ये जा."

"दोन वर्षं शिकलीस, आणि हे सांगतेस?"

"पण तुम्हाला चटका कळत नाहीये."

"म्हणूनच तर लावतेय."

त्यांच्या सगळ्यात जुन्या शिष्येने हे ऐकलं. स्टेशनपर्यंत माझ्यासोबत चालत आली आणि अतिशय नम्रपणे म्हणाली, बाहेरून आलेल्या माणसाने सेन्सेईंना असं बोलू नये. जखमेचा वास तिलाही येत असणारच.

शेवटी त्यांचा डावा पाय घोट्याच्या वर कापावा लागला. काही महिन्यांनी व्हीलचेअरवर बसून सेन्सेई पुन्हा शिकवू लागल्या. पहिल्याच दिवशी डोळे मिटून म्हणाल्या, "डाव्या पावलाला चटका बसतोय. करंगळीखाली. अगदी स्पष्ट."

सगळ्यांनी आदराने माना लववल्या. एकीने डोळे पुसले. सेन्सेई माझ्याकडे वळल्या, हसल्या. "तू मला हॉस्पिटलमध्ये पाठवत होतीस."

बाबासुद्धा कापून टाकलेला पायाचा अंगठा खाजतोय म्हणून आईवर ओरडायचे. त्यांच्यापुढे कुणी मान लववली नव्हती.

मी उठले, दारात बूट घातले. पुन्हा तिकडे गेले नाही. नवीन विद्यार्थी येतात म्हणे अजून.