शून्याची जागा

अकरा वर्षं मी एकाच कॉलेजात तासिका तत्त्वावर गणित शिकवत होते. यंदा कायम जागा निघाली. निवड समितीसमोर पाठ चांगला गेला तर ती माझी. नाही गेला तर पुढच्या जूनपासून माझे तासही दुसऱ्याचे.

विषय मिळाला तिरकी अनंतस्पर्शी रेषा. वक्र दूर जाताना जिच्या अधिकाधिक जवळ सरकतो पण मिळत नाही, ती सरळ रेषा. अंशाला छेदाने भागायचं, बाकी सोडायची, भागाकार तीच रेषा. वर्षानुवर्षं शिकवलेलं होतं.

वर्गाला आदल्या दिवशीच बजावलं होतं, "समिती बसली असताना कोणी तोंड उघडायचं नाही."

फळ्यावर x² + 5 लिहिलं आणि x − 2 ने भागायला घेतलं. समितीतले बाहेरून आलेले तज्ज्ञ मागच्या बाकावर बसले होते. त्यांच्या पेनाचं टोपण उघडल्याचा आवाज मला फळ्याजवळ ऐकू आला. नसलेल्या पदाच्या जागी शून्य मांडा, हे मी पोरांच्या वह्या फेकून फेकून शिकवलंय. त्या दिवशी 0x मीच विसरले. वजा दोन सरळ पाचाखाली आलं. बाकी सात, भागाकार नुसता x. रेषा y = x, असं सांगून वळले.

कोणी लिहीत नव्हतं. पहिल्या बाकावरची वरवट बकाल गावाहून येणारी मुलगी फळ्याकडे बघत होती, पेन वहीपासून वर. मागे तिघांचं तसंच. काहीतरी चुकलंय एवढं कळलं. काय ते दिसेना.

"आता ताळा करू," मी म्हटलं. x ला 102 घेतलं, म्हणजे छेद शंभर. वर 10409. उत्तर 104.09. माझी रेषा सांगत होती 102. तेव्हा शून्याची जागा दिसली. पुसून पुन्हा मांडलं: भागाकार x + 2, बाकी नऊ. 104 आणि 104.09.

तज्ज्ञांनी एकच विचारलं, "चूक झाली हे कशावरून ओळखलंत?"

ताळ्याचं श्रेय घेता आलं असतं. "मुलांनी लिहायचं थांबवलं त्यावरून," मी म्हटलं.

त्यांनी कागदावर काही लिहिलं. चेहऱ्यावरून काही समजलं नाही.

व्हरांड्यात त्या मुलीला गाठलं. "दिसलं होतं ना तुले? मंग काऊन बोलली नाहीस?"

"तुमीच त सांगतलं होतं, तोंड उघडू नका."

तिची मैत्रीण म्हणाली, "आमची वही असती तं तुमी खिडकीतून फेकून देल्ली असती, मॅडम."

"फेकली असती," मी म्हटलं.

पुढचे नऊ दिवस फोन वाजला की हातातलं काम सुटायचं. दहाव्या दिवशी प्राचार्यांनी बोलावून नेमणुकीचा कागद दिला. मी तो उभ्यानेच दोनदा वाचला, घडी करून पर्समध्ये ठेवला आणि पावणेबाराच्या तासाला गेले.