दादाने लावलेली चाल

दादा पुण्यात सिनेमाला संगीत देत होता आणि इकडे केडगावात माझं लग्न अडलं होतं. पेटी, तबला, क्लॅरिनेट, हाती येईल ते तो वाजवायचा. गावी आला की रविवारी आमच्या ख्रिस्ती देवळात उपासनेला पायपेटीवरही तोच असायचा. पण सिनेमा म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे नुसत्या नट्या नाचायच्या. दोन स्थळं त्यापायी परत गेली. वडील मिशनच्या शाळेत मास्तर. त्यांची झोप उडाली होती.

तिसरं स्थळ बेलापूरच्या हेडमास्तरांच्या मुलाचं. दादा शाळेत गायन शिकवतो, असं त्यांना सांगायचं ठरलं. सुचवलं दादानेच. लढाईचे दिवस, साखर रेशनवर मिळायची. आईने पाहुण्यांच्या चहासाठी साखर राखून ठेवली होती.

"गाणं येतं का?" हेडमास्तरांनी विचारलं. दादा पेटीवर बसला. उपासनेतलं एक साधं गीत म्हणायचं ठरलं होतं. दादाने सूर दिला आणि मला पहिली ओळच आठवेना. घाबरून तोंडातून निघालं ते रोज घरात गुणगुणायची तेच. चाल दादाच्या सिनेमातली, शब्द मात्र स्तोत्राचे. घरात घेण्याआधी आईने त्या चालीचा बाप्तिस्मा करून घेतला होता. दादाची बोटं क्षणभर अडखळली, मग माझ्यामागून आली.

हेडमास्तर डोळे मिटून ऐकत होते. मुलाची आई म्हणाली, "लई ग्वाड गायली पोरगी." सुटले बाई, असं मला वाटतंय तोच हेडमास्तरांनी विचारलं, "चाल कुणाची?"

दादा शांतपणे म्हणाला, "जुनीच आहे. उपासनेत म्हणतात."

"तरीच. आताच्या सिनेमावाल्यांना असं काही सुचायचं नाही."

"नाही सुचायचं," दादा म्हणाला.

पडद्यावर नाव दिलं नाही म्हणून भांडून एक कंपनी सोडलेला माणूस हा. माझ्यासाठी मान खाली घालून खोटं बोलत होता. मला ते सहन झालं नाही. तसाही माझा राग माझ्या आधी बोलतो.

"चाल दादाची आहे," मी म्हटलं. "सिनेमातली."

हेडमास्तरांनी कप खाली ठेवला. "कळवतो," म्हणाले आणि उठले. या 'कळवतो'चा अर्थ आम्हाला एव्हाना पाठ झाला होता.

वडील पाहुण्यांना टांग्यापर्यंत सोडायला गेले. आई आत जाऊन रडली. दादा माझ्यावर उखडला. "तुला कुणी विचारलं होतं? गप्प बसली असतीस तर आज ठरून गेलं असतं."

तो पेटीचा भाता बंद करायला लागला. कडी काही लागेना. मग माझ्याकडे न बघताच म्हणाला, "पण चाल आवडली होती ना गं त्यांना?"