रफीकभाईंचा पहिला प्रश्न

गुरुवार, १४ जुलै २००५. काम एकच होतं : भातकुलीतल्या माझ्या टायपिंगच्या दुकानात पाचच्या आत बावीस अर्ज छापायचे. सोयाबीनचं बियाणं उगवलंच नव्हतं. दुसऱ्या दिवशी पाहणीला पथक येणार होतं आणि ज्याचा छापील अर्ज कृषी कार्यालयात पोचला, त्याचंच शेत ते पाहणार होतं. एकदा शेत मोडून पुन्हा पेरलं की दाखवायला काही उरत नाही.

अकरा वाजता मराठीचा प्रोग्राम उघडेना. एक फाइल सापडत नाही, एवढंच पडद्यावर येई. मी अमरावतीला रफीकभाईंना फोन लावला.

रफीकभाई मूळचे अकोटचे. आधी रेडिओ दुरुस्त करत, मग टीव्ही, मग कॉम्प्युटर. दोन वर्षांपूर्वी वारले. कुठेही आले की आधी खुर्चीत बसायचे, दोन्ही हात खिशात, आणि विचारायचे, "हात कोणाचा लागला? सांगून टाका, मारत नाई मी." उत्तर मिळेपर्यंत माउसला शिवत नसत. स्वतःलाही सूट नव्हती. एकदा एका वकिलाची पत्रं त्यांच्याकडून पुसली गेली, तर स्वतः जाऊन सांगून आले. वकिलानं काम काढून घेतलं. "काढलं त काढलं," म्हणाले. "लपवलं असतं त त्याले पाहून मीच गल्ली बदलत फिरलो असतो."

त्या दिवशीही हात खिशात. "हात कोणाचा लागला, ताई?"

बाहेर बाकावर शेतकरी बसले होते. मी म्हणाले, "कोणाचाच नाही. आपोआप बंद पडलं."

साफ खोटं. डिस्क भरली म्हणून सकाळी मीच लग्नपत्रिकांचा जुना प्रोग्राम काढला होता. काढताना मशीननं विचारलं होतं, या फाइली दुसरे प्रोग्रामही वापरत असतील, पुसू का? मी न वाचता 'हो, सगळ्या' दाबलं.

माझ्या शब्दावर विसंबून त्यांनी दोन तास व्हायरस शोधला. बाहेरून एकजण ओरडला, "काहो बाई, तुमचं मशीनबी आमच्या बियाण्यासारखंच निंघालं का?" सगळे हसले.

तीन वाजता मी खरं सांगितलं.

"पोट दुखते म्हनून सांगता, अन् लागलं डोक्याले!" रफीकभाई म्हणाले. "ते फाइल एकट्या पत्रिकेची नोती, ताई. चार प्रोग्राम तिच्यावर पानी भरत होते. एक घर सोडून गेलं अन् तुमी विहीरच बुजवली."

फ्लॉपी घेऊन ते समोरच्या फोटो स्टुडिओतून त्याच नावाची फाइल घेऊन आले. प्रोग्राम उघडला, पण जोडाक्षरं फुटली. फाइल प्रोग्रामच्या नव्या आवृत्तीची होती. मग झेरॉक्सवाल्याच्या जुन्या मशीनमधली आणली. ती चालली. तोवर चार वाजून गेले होते आणि प्रिंटर एका अर्जाला दोन मिनिटं घेत होता. निघेल तो अर्ज हातात घेऊन माणसं कार्यालयाकडे पळत होती.

पाचला कार्यालयाची खिडकी बंद झाली. एकच अर्ज उरला, कमलाबाईचा. ती सकाळी सगळ्यांत आधी आली होती, पण बाप्यांनी आपापले कागद पुढे सरकवले आणि मी सरकवू दिले.

"मंग माह्यं वावर नाई पाह्यनार का?" तिनं विचारलं.

रफीकभाई सांभाळून घेतील, असं मला वाटलं. त्यांनी पिशवी उचलली. "उशीर काहून झाला, ते ताई सांगतील तुमाले," म्हणाले आणि एसटीकडे चालू लागले.

मी सांगितलं. कमलाबाई म्हणाली, "मले सांगून काय होते? सायबाले सांग."

दुसऱ्या दिवशी सकाळी पथकाची जीप निघायच्या आधी मी तिला घेऊन कृषी कार्यालयासमोर उभी राहिले. उशीर कमलाबाईचा नाही, माझ्या चुकीमुळे झाला, असं तिच्या छापलेल्या अर्जावर पेनानं लिहिलं, खाली सही केली आणि तो साहेबांच्या हातात दिला. ते वाचत होते तोवर कमलाबाई जीपच्या मागच्या सीटवर चढून बसली होती. मी बाहेरून दार लावलं.