जळकोटच्या अलीकडचा चॉकलेटचा नंदी

चॉकलेटचं संग्रहालय बघायला धाराशिव जिल्ह्यात जायचं, हे माझ्या बायकोनं, सुनंदानं, ठरवलं. मी हसलो होतो. एप्रिलमध्ये जिथं डांबर चपलेला चिकटतं, तिथं कुणी चॉकलेट जपून ठेवलंय, ही मला थापच वाटली. पण तिच्या शाळेतल्या एक बाई तुळजापूरहून येताना वाट वाकडी करून तिथं जाऊन आल्या होत्या आणि त्यांच्याकडे फोटो होते. चॉकलेटचा नळदुर्गचा किल्ला होता, आणि वासराएवढा, पाय दुमडून बसलेला चॉकलेटचा नंदी होता. नंदीचा डावा कान उजव्यापेक्षा लहान दिसत होता. बाई म्हणाल्या, लोक त्या कानात मागणं सांगतात, त्यांच्या श्वासानं तो झिजलाय.

तो कान बघायला आम्ही निघालो. आधीच सांगून ठेवतो, या लेखाच्या शेवटी पत्ता, वेळा आणि तिकिटाचा दर दिलेला नाही.

पहिल्या दिवशी पुण्याहून सोलापूर गाठून मुक्काम केला. दुसऱ्या दिवशी सकाळी हैदराबादच्या रस्त्याला लागलो. चौपदरी रस्ता चांगला आहे, फक्त मालट्रक उजवी लेन सोडत नाहीत आणि गावांपाशी जनावरं अचानक आडवी येतात. नळदुर्गला तासाभरात पोहोचतो. किल्ला बघायचा तर ऊन चढायच्या आत बघा. आम्ही टोप्या विसरलो होतो. बोरी नदीत पाणी थोडंच होतं आणि पाणीमहालावरून पडणारे धबधबे कोरडे होते, नुसत्या काळ्या भिंतीवर पाण्याचे जुने पांढरे ओघळ. पावसाळ्यात जाणाऱ्यांना वेगळं दिसेल. आम्हाला दगड आणि पारवे दिसले.

किल्ल्याखालच्या ढाब्यावर भाकरी, शेंगाचटणी आणि आमटी घेतली. आमटी इतकी झणझणीत होती की सुनंदानं भाकरीला फक्त शेंगाचटणी आणि दही लावून घेतलं. गल्ल्यावरच्या माणसाला मी चॉकलेटच्या संग्रहालयाचा रस्ता विचारला.

"अप्पाकडं चाललाव व्हय?" तो म्हणाला. "सरळ जावा, जळकोटच्या अलीकडं उजव्या हाताला. पण काल सांजच्या वादळात तिकडली डीपी जळालीय, लाइट न्हाय. काय ऱ्हायलंय ते बघा."

शेजारच्या टेबलावरचा ड्रायव्हर म्हणाला, "न्हाय ऱ्हायलं तर चमचा घेऊन जावा, पाव्हणं. खीर मिळंल."

सगळे हसले. मीही हसलो.

संग्रहालय म्हणजे शेताच्या कडेला बांधलेला जाड भिंतींचा एक हॉल होता. खिडक्या काळ्या कापडानं झाकलेल्या. बाहेरच्या पाटीवर दोन भाषांत नाव, मराठीत आणि कानडीत. दार बंद होतं. आम्ही वाजवलं तर पन्नाशीची एक बाई फट करून म्हणाली, "आज बंद आहे. दार उघडलं की गरम हवा आत येते." मग सुनंदाचा घामेजलेला चेहरा बघून तिनं आम्हाला झटकन आत ओढलं आणि दार लावून घेतलं. या गिरिजाअक्का.

आत अंधार होता आणि चॉकलेटचा दाट, गोड वास. इतका गोड की दोन मिनिटांत नकोसा झाला. हॉलच्या मध्यभागी चौथऱ्यावर ओल्या गोणपाटात गुंडाळलेलं काहीतरी होतं, त्याच्याभोवती घमेल्यांत बर्फाच्या लाद्या, आणि एक उघडाबंब माणूस पुठ्ठ्यानं वारा घालत होता. ते महालिंगअप्पा, संग्रहालयाचे मालक. हैदराबादच्या मोठ्या हॉटेलांत लग्नाच्या मेजवान्यांसाठी चॉकलेटचे हंस आणि कारंजी करण्यात त्यांची उमेदीची वर्षं गेली. मग गावी परत येऊन त्यांनी हा हॉल बांधला.

अप्पा वळले नाहीत. म्हणाले, "बघा काय बघायचं ते. तिकीट न्हाय आज."

बघायला फारसं नव्हतंच. भिंतीवर कोकोच्या झाडाचे फोटो होते. एका कोपऱ्यात बिया दळायचं दगडी जातं. किल्ल्याच्या जागी रिकामा चौथरा.

"किल्ला कुठं गेला?" सुनंदानं विचारलं.

"फ्रीजरमध्ये," अक्का म्हणाल्या. "ह्यांनीच सकाळी हातोड्यानं फोडला. आमचा जनरेटर लहान आहे, फ्रीजर तेवढा चालतो त्याच्यावर. एसी ओढत नाही. मोठा जनरेटर भाड्यानं आणावा म्हणून मंडपवाल्याकडं गेले, तर लग्नसराई. सगळे जनरेटर मांडवात. इकडं वरातीत लाइटी नाचतायत आणि आमचा देव घाम गाळतोय." मग स्वतःलाच दुरुस्त करत म्हणाल्या, "देव कसला. चॉकलेट आहे ते."

"गिरजा," अप्पा इतकंच म्हणाले.

त्या गप्प बसणाऱ्यातल्या नव्हत्या. पुढच्या पाच मिनिटांत आम्हाला सगळं कळलं. चॉकलेटची मूर्ती कायमची नसते. वर्षभरात तिच्यावर पांढुरकी बुरशीसारखी साय येते. मग ती वितळवायची आणि साच्यात ओतून परत नवी करायची. किल्ला असा कितीदा तरी नवा झाला होता. नंदीही शोभेसाठीच केला होता. पण पहिल्याच श्रावणात कुणीतरी त्याला भस्म लावलं, दुसऱ्यानं बेल वाहिला, आणि देवळात महादेवापुढच्या नंदीच्या कानात सांगतात तसं लोक याच्या कानात सांगायला लागले. उमरग्याच्या दवाखान्यांत पेशंट घेऊन जाणारी माणसं वाटेत थांबायची. हॉल त्यांच्यावरच चालायचा. त्यानंतर अप्पांनी नंदी कधी वितळवला नाही. लोकांनी ज्यात इतकं बोलून ठेवलंय ते भांड्यात घालून ढवळायचं कसं?

"बाहेर लिहायला पाहिजे होतं, कानात बोलू नये म्हणून," अक्का म्हणाल्या.

"मग आलं कोण असतं?" अप्पा म्हणाले.

त्यांनी गोणपाट बाजूला केलं. नंदीची पाठ चकाकत होती. वशिंड एका बाजूला कललं होतं. डावा कान बोटभर उरला होता आणि त्याच्या टोकाला एक थेंब आला होता.

मी विचारलं, फ्रीजरमध्ये जागा नाही का? अप्पा म्हणाले, अख्खा मावत नाही, उचलला तर मोडेल. आमच्या गाडीत एसी आहे, मावेल तेवढा तरी वाचवू, मी म्हणालो. अक्कांनी माझ्याकडे असं बघितलं की जणू मी त्यांच्या बाजूचा साक्षीदार आहे.

"तेच तर सकाळपासून सांगतेय! डोकं तेवढं कापून फ्रीजरमध्ये ठेवू. अंग परत करता येईल. अवो, कान तरी राहतील!"

"बसवण्णा कापू?" अप्पा म्हणाले. आपल्या घरात नंदीला ते बसवण्णाच म्हणतात. "म्या?"

"किल्ला फोडताना हात नाही थरथरला."

"किल्ल्याला कुणी हात जोडलं न्हाईत."

हेच दोघांत सकाळपासून चाललं होतं. बर्फ संपत आला होता. करण्यासारखं मला एकच दिसलं. गाडी काढली आणि नळदुर्गला परत गेलो. बर्फवाल्याकडे उरलेल्या लाद्या मिळाल्या, त्या पोत्यांत बांधून डिकीत टाकल्या. ढाब्यावरच्या गल्लेवाल्यानं ओळखलं आणि काही न विचारता आपल्या पेटीतला बर्फही दिला. परतताना एसी पूर्ण सोडला होता, तरी मागून पाण्याचा आवाज येत होता. मालट्रक उजव्या लेनमध्ये होते. मी आयुष्यात इतका हॉर्न वाजवलेला नाही.

पोहोचलो तेव्हा सुनंदा पुठ्ठ्यानं वारा घालत होती आणि अप्पा नंदीची मान दोन्ही हातांनी खालून धरून बसले होते. मान खाली येत होती. त्यांच्या हाताच्या उबेनं ती आणखी मऊ पडत होती, हे त्यांना माझ्यापेक्षा चांगलं कळत होतं. सोडली तर पडणार होती.

"बोला ताई, अजून कान आहे," अक्का सुनंदाला म्हणाल्या. चिडून नाही, खरंच म्हणाल्या.

सुनंदा वाकली, मग तशीच मागं झाली. "ज्याला आज बर्फ लागतोय, त्याच्याकडे काय मागू?" ती म्हणाली.

आम्ही लाद्या रचल्या. गळ्याखाली पोतं लावलं. बर्फाचं पाणी चॉकलेटवर उतरलं आणि तिथं ते राखाडी, खरखरीत होत गेलं. उन्हं कलायच्या सुमाराला डोकं अप्पांच्या मांडीवर आलं. तुटल्याचा आवाज झाला नाही. थोड्या वेळानं वशिंड पाठीत बसलं. मग मुंग्या आल्या. मुंग्या आल्यावर अक्का पहिल्यांदा रडल्या.

त्या म्हणाल्या, "गाळून घेऊ. परत ओतू. साचा आहे."

अप्पांनी नकारार्थी मान हलवली. कोपऱ्यातलं टिकाव-फावडं घेतलं आणि हॉलमागच्या शेतात गेले. आम्ही मागोमाग. त्यांनी खड्डा रुंद न करता खोल घेतला. मी कारण विचारलं नाही, त्यांनीच सांगितलं. "आमच्यात माणूस गेलं की बसवून पुरतात, साहेब. आडवं करत न्हाईत."

पण बसवायला आकारच उरला नव्हता. घमेल्यांतून नेलं, एकेक घमेलं ओतलं. ते खड्ड्यात आपलं आपण सपाट झालं. अप्पा काठावर उभे राहून बघत होते. मग त्यांनी वर भस्माची चिमूट टाकली, आणि आम्ही चौघांनी माती लोटली.

नळावर हात धूत होतो तेव्हा लाइट आली. हॉलमधला एसी सुरू झाल्याचा आवाज बाहेर ऐकू आला. बटण चालूच राहिलं होतं. अक्का आत गेल्या आणि तो आवाज थांबला.

निघताना त्यांनी सुनंदाच्या हातात चॉकलेटचा एक डबा कोंबला. पैसे घेतले नाहीत. "मऊ पडलंय, फ्रीजमध्ये ठेवा," इतकंच म्हणाल्या. पुढं उमरग्यापर्यंत जायचं ठरलं होतं, ते आम्ही सोडून दिलं आणि सोलापूरला परतलो. गाडीत ओल्या पोत्यांचा वास होता. सुनंदाच्या बाहीवर एक तपकिरी डाग होता, तो ती नखानं खरवडत होती.

आता महिना होत आला. असल्या लेखात परत आल्यावर काय कमावलं ते लिहायचं असतं. किल्ला बघण्यासारखा आहे, शेंगाचटणी बांधून आणण्यासारखी आहे. बाकी काही हाती लागल्याचं मला सांगता येत नाही. आपण वेळेवर पोहोचलो, धावपळ केली, आणि त्यानं काही फरक पडला नाही. डबा फ्रीजमध्ये आहे. चॉकलेटवर पांढरी साय आली आहे. सुनंदा तो खातही नाही आणि टाकूही देत नाही.

परवा मी अप्पांना फोन केला. हॉल खताची पोती ठेवायला भाड्यानं दिलाय म्हणाले. नवीन नंदी करणार का, असं विचारलं. ते दुसरंच सांगायला लागले.

"काल उमरग्याकडनं एक बाई आली, साहेब. नारळ घेऊन. संगं पोरगी, दवाखान्यातनं बरी होऊन निघालेली. म्हणाली, कानात सांगितलं व्हतं, पावलं. नंदी कुठाय?"

"मग? मागं शेतात नेलंत त्यांना?"

"न्हाय," अप्पा म्हणाले. "म्या म्हणलं, बाई, तुमी चुकून आलाव. हितं चॉकलेट व्हतं. नंदी नव्हता."