मुक्या पडद्यावरचा पाद्री

ऑरिन टॉबिट आमच्या विनोदी काउबॉय-पटांतला ठरलेला पाद्री. चेहरा कसा अगदी सोज्वळ, आणि तोंड इतकं घाण, की विचारू नका. मी कपडेपट सांभाळायचे, माझे कान रोज विटायचे. पण सिनेमा पडला मुका. दिग्दर्शक म्हणे, नुसते ओठ हलव. मग हा मेलेल्या दरोडेखोराशेजारी गुडघे टेकायचा, आभाळाकडे बघायचा आणि दिग्दर्शकाच्या सात पिढ्यांचा उद्धार करायचा. थिएटरात भाबड्या बाया हात जोडायच्या.

त्याचं क्रॅडकांच्या लेटीवर मन बसलं. तिचा बाप चर्चमधला कर्मठ. सिनेमावाल्याला पोरगी देण्यापेक्षा विहिरीत ढकललेली बरी म्हणणारा. ऑरिनला वाटलं, आपला पाद्री एकदा पाहिला की म्हातारा विरघळेल. बापलेकीला घेऊन गेला, पहिल्या रांगेत बसवलं. क्रॅडकांचे कान बॉयलरच्या कारखान्यात गेलेले आणि तेव्हापासून ते समोरच्याचे ओठ वाचतात, हे गावभर ठाऊक होतं. या शहाण्याला ठाऊक नसावं? प्रार्थना अर्ध्यावर आली, म्हातारा उठला, लेकीचा दंड धरून चालता झाला. भेटीगाठी बंद.

ऑरिनचं जेवण सुटलं. शिव्यासुद्धा देईना.

पुढच्या चित्रात त्याला निवडुंगावर बसवून मागे अस्वल सोडायचं होतं. कॅमेरा फिरला, आणि हा सरळ भिंगात बघून बोलायला लागला. "क्रॅडकसाहेब, चुकलो मी. माझं तोंड वाईट आहे, मन नाही. तुमच्या लेटीला..." तेवढ्यात मेलं ते अस्वल आलं. दिग्दर्शक खूश, म्हणे काय झकास घाबरलाय.

चित्र लागल्यावर मी लेटीला निरोप धाडला. बापाला तिनं कसं नेलं, तीच जाणे. लोक पोट धरधरून हसत होते. क्रॅडक तेवढे हसले नाहीत.

दुसऱ्या दिवशी म्हातारा आमच्या आवारात हजर. ऑरिनसमोर येऊन उभा राहिला. म्हणाला, "लेटीला काय? पुढं अस्वल आलं."

जगाला शिव्या घालणाऱ्या माणसाची मान छातीला टेकली. पुटपुटला, जन्मभर जपेन तिला. शेजारी मी होते, मला स्वच्छ ऐकू आलं. माझे डोळेच भरले.

क्रॅडकांनी त्याच्या हनुवटीला हात लावून तोंड वर केलं.

"वर बघून बोल, पोरा. मला दिसायला हवं."