चाक गोल पाहिजे

कॉम्प्युटरवरच्या गेममध्ये वर्षानुवर्षं डोकं घालून एकही गेम न खेळलेला माणूस सबंध नाशिक जिल्ह्यात एकच असेल, आणि तो माझ्या आत्याचा नवरा आहे. आमच्याकडे आत्याच्या नवऱ्याला मामाच म्हणतात, म्हणून मीही मामाच म्हणते. लोक गेम उघडतात ते गाडी पळवायला, गोळ्या झाडायला, नाहीतर अभ्यास टाळायला. मामा गेम उघडतात ते त्याचं रेझोल्युशन बदलायला. गेम सुरू झाला की ते थेट सेटिंगमध्ये शिरतात, पडद्यावर आडवे ठिपके किती आणि उभे किती याची यादी खालीवर करतात, चित्र मनासारखं बसेपर्यंत चार-पाच वेळा गेम बंद करून पुन्हा उघडतात, आणि एकदा का ते बसलं की समाधानाने मान हलवून गेम बंद करून टाकतात. पुढे ती गाडी शर्यत जिंकते की दरीत पडते, याच्याशी त्यांना काही देणंघेणं नसतं.

मामा पाटबंधारे खात्यात आरेखक होते. नोकरीची बरीच वर्षं इगतपुरीच्या बाजूला धरणांचे नकाशे काढण्यात गेली. तिथल्या पावसात नकाशाचा कागद दमटून फुगायचा आणि धरणाची भिंत बसल्या जागी दोन मिलिमीटरने वाढायची, हे ते आजही घरात चोरी झाल्यासारखं सांगतात. रिटायर झाल्यावर बाकीचं सामान त्यांनी ऑफिसात सोडलं, पण शर्टाच्या खिशातली सहा इंची स्टीलची पट्टी सोडली नाही. त्याच सुमाराला त्यांचा मुलगा नोकरीसाठी पुण्याला गेला आणि जाताना आपला कॉम्प्युटर, रुंद मॉनिटर आणि जुने गेम घरी ठेवून गेला. मामांनी सहज म्हणून मोटारींचा गेम उघडला, आणि त्यांच्या म्हातारपणाला वळण लागलं. गेम चौकोनी पडद्याच्या काळातला, मॉनिटर रुंद, त्यामुळे चित्र आडवं ताणलं गेलेलं. मामांनी पट्टी काढली, पडद्याला लावली आणि मोटारीचं चाक मोजलं. रुंदी बत्तीस मिलिमीटर, उंची चोवीस.

"अगं, हे चाक लंबगोल आहे," ते आत्याला म्हणाले. "आणि पोरगा चार वर्षं यावर गाडी चालवत होता."

"त्याला तरी कुठे कळलं," आत्या स्वयंपाकघरातून म्हणाली. "पडद्यावरची पट्टी काढा आधी, चरे पडतील."

तेव्हापासून चाक गोल करणं हे मामांचं जीवितकार्य झालं. चाक नसेल तर नाणं, नाणं नसेल तर चंद्र. प्रत्येक गेममध्ये एक तरी गोल वस्तू असतेच, ती शोधायची, दोन्हीकडून मोजायची आणि दोन्ही मापं सारखी येईपर्यंत यादीतलं रेझोल्युशन बदलत राहायचं. एकदा मी त्यांच्याकडे गेले तेव्हा मोटारींची शर्यत सुरू झालेली होती. बाकीच्या गाड्या केव्हाच निघून गेल्या होत्या, मामांची गाडी रेघेवर उभी होती आणि मामा तिच्या मागच्या चाकाला पट्टी लावून बसले होते. काही वेळाने सगळ्या गाड्या शर्यत संपवून आल्या आणि पडद्यावर मोठ्या अक्षरात मामा शेवटचे आल्याचं जाहीर झालं. मामांनी माझ्याकडे वळून बघितलं. चेहऱ्यावर पहिल्या नंबराचा आनंद होता. "एकतीस बाय एकतीस," ते म्हणाले.

या विषयात त्यांना घर, परकं घर, वेळ, प्रसंग असा काही भेद नाही. कुणाकडेही गेले की "सगळे बरे ना?" याच्या पाठोपाठ "रेझोल्युशन काय ठेवलंय?" हे येतंच. फोनवर ते पुण्याच्या मुलाशी इतक्या तावातावाने बोलतात की खालच्या मजल्यावरचे काका बरेच दिवस त्यांना जमिनीचे दलाल समजत होते. "आठशे बाय सहाशेत काही अर्थ नाही रे, चौदाशे चाळीस बाय नऊशेला जा," हे त्यांनी जिन्यातून ऐकलं आणि दुसऱ्या दिवशी आमच्या आत्यालाच बाजूला घेऊन विचारलं, "वहिनी, प्लॉट नेमका कोणत्या साइडला आहे?"

आता एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर पुढचं कळायचं नाही. रेझोल्युशन बदललं की कॉम्प्युटर विचारतो, हे बदल ठेवायचे का? पंधरा सेकंदांत 'हो' म्हटलं नाही, तर तो आपणहून सगळं पूर्वीसारखं करून टाकतो. चुकीचा आकडा निवडल्यामुळे पडदा काळा झाला, तरी घाबरायचं नसतं, पंधरा मोजायचे, चित्र परत येतं. मामांना या व्यवस्थेबद्दल फार आदर आहे. "हे ज्याने बनवलं ना," ते म्हणतात, "त्याला माणसाची जात ठाऊक आहे. चूक करायला सेकंद लागत नाही, म्हणून निस्तरायला पंधरा दिलेत."

या पंधरा सेकंदांत माझं लग्न अडकलं होतं. बोलणी होत आली होती आणि आमच्याकडची चार मोठी माणसं मुलाचं घर बघायला इंदिरानगरला गेली. मामा त्यात असणारच, कारण माझ्या वडिलांचा त्यांच्या पारखीवर विश्वास. बाकीचे हॉलमध्ये मानपानाचं बोलत असताना मामा "जरा घर बघतो" म्हणून उठले आणि मुलाच्या खोलीत कॉम्प्युटरपाशी जाऊन पोचले. मुलाने, म्हणजे माझ्या आताच्या नवऱ्याने, कौतुकाने त्यांना आपला क्रिकेटचा गेम दाखवला. मामांनी चेंडू मोजला. मग खुर्चीवर बसले. थोड्या वेळाने मुलाचे वडील शोधत आले, तर पडदा काळाठिक्कर, मुलगा पांढराफटक आणि आमचे मामा डोळे मिटून मोठ्याने मोजताहेत, "सात, आठ, नऊ..." सासरे दारातच थांबले. त्यांना वाटलं, माणसाला काहीतरी होतंय. सासूबाई पाण्याचा तांब्या घेऊन धावल्या. पंधराला चित्र परत आलं, मामांनी डोळे उघडले, तांब्यातलं पाणी शांतपणे प्यायले आणि म्हणाले, "काळजी नको. चेंडू लंबगोल होता, आता होईल नीट."

घरी आल्यावर वडिलांनी त्यांना विचारलं, "मग, मुलगा कसा वाटला?"

"स्वभावाने चांगला आहे," मामा म्हणाले. "लंबगोल चेंडूवर तीन वर्षं खेळला, पण कुरकुर केली नाही. असा माणूस संसाराला बरा."

हे निदान किती बरोबर होतं, ते माझं मलाच माहीत.

त्या घरात खरा गेम कोण खेळत असेल, तर आत्या. तिचा एकच गेम, एकट्याने खेळायचा पत्त्यांचा, तोही कधीचा जुना. लाल पान काळ्यावर, काळं लालवर, राजापासून खाली उतरत रांगा लावायच्या. आत्या प्राथमिक शाळेत शिक्षिका होती. आयुष्यभर दुसऱ्यांची पोरं ओळीत बसवली, आता पत्ते ओळीत बसवते, ते निदान दप्तर मारत नाहीत, असं ती म्हणते. दुपारी दोन ते चार कॉम्प्युटर तिचा. त्या वेळात मामांनी यादीला हात लावायचा नाही, असा तह झालेला होता. पाहुणे आले तरी ती उठत नसे. दिवसभरात तिने स्वतःसाठी मागितलेली गोष्ट तेवढीच होती, म्हणून आम्हीही त्या वेळात जात नसू.

आणि मागच्या वर्षी एकदा तीच म्हणाली, "अहो, जरा बघा ना, पत्ते धूसर दिसताहेत."

इतक्या वर्षांत आत्याने आपणहून रेझोल्युशनचं काम सांगण्याची ही पहिलीच वेळ. मामा खुलले. बाह्या सरसावून कामाला लागले. धूसर म्हणजे ठिपके कमी, म्हणजे रेझोल्युशन वाढवा, असा त्यांचा साधा हिशेब. त्यांनी ते वाढवलं. पत्ते कोरीव, रेखीव झाले. पण जुन्या गेमचं असं असतं, की रेझोल्युशन वाढवलं की चित्र स्वच्छ होतं तसं लहानही होतं. आत्या आणखी पुढे वाकून बसायला लागली. "अजून धूसरच आहे हो." मामांनी आणखी एक पायरी वाढवली. वायर बदलली. पडदा कापसाने पुसला. खिडकीतून उजेड पडतो म्हणून टेबल फिरवलं. सत्तीवर छक्कीऐवजी अठ्ठी ठेवायला जाऊन आत्याचा डाव मोडायचा, आणि मामा त्याचा दोष मॉनिटरला द्यायचे. या खटाटोपात तीन महिने गेले. मीही दोनदा जाऊन आले, चहा पिऊन, दोघांची चेष्टा करून आले. माझ्याही लक्षात आलं नाही, आणि त्याचा राग मला माझा स्वतःचाच येतो.

शेवटी मामांनी मॉनिटर चादरीत गुंडाळला, स्कूटरवर पुढे उभा ठेवला आणि द्वारका चौकाच्या गर्दीतून वाट काढत एका दुरुस्तीच्या दुकानात नेला. दुकानदाराने तासभर तपासला.

"काका, मॉनिटर एकदम ओके आहे," तो म्हणाला. "एक पण ठिपका मेलेला नाही. प्रॉब्लेम नक्की कोणाला येतोय?"

"आमच्या मिसेसना. धूसर दिसतं म्हणतात."

"टीव्ही पण धूसर दिसतो का?"

मामांनी हे विचारलंच नव्हतं. मॉनिटर परत स्कूटरवर घेऊन ते घरी आले, तो भिंतीला टेकवून ठेवला आणि आत्यासमोर बसून तिला विचारलं. टीव्ही धूसर दिसत होता. पंचांग धूसर दिसत होतं. तांदूळ निवडणं तर तिने दोन महिन्यांपूर्वीच सोडलं होतं. त्याच संध्याकाळी ते तिला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे घेऊन गेले. शुगरने डोळे आतून खराब झाले होते. इंजेक्शनं सुरू झाली. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, गेलेली नजर येणार नाही, उरलेली जपू. आणि थोडं आधी आला असता तर बरं झालं असतं, हेही म्हणाले.

"काखेत कळसा आणि गावाला वळसा," आत्या घरी येऊन मला फोनवर म्हणाली, अगदी हसत. "डोळा इथे बिघडलेला, आणि हे द्वारकेला जाऊन आले." पाठीमागे मामांचा आवाज नव्हता. एरवी ते तिच्या फोनमध्ये मध्येमध्ये बोलतात.

जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही म्हणतात. मामांची गेली. पट्टी खिशातून निघून टेबलाच्या खणात गेली. कुणाकडे गेले तर ते कॉम्प्युटरकडे बघत नाहीत. माझ्या नवऱ्याने मुद्दाम एकदा लंबगोल चेंडू दाखवला, तर "असू दे, दिसतोय ना?" म्हणाले. घरी येताना नवरा म्हणाला, "मामांनी निदान रागवायला तरी हवं होतं." मलाही तसंच वाटत होतं.

गेल्या महिन्यात मी त्यांच्याकडे गेले ती दुपारी तीन वाजता, तह मोडून. आत्याच बोलावते हल्ली. ती कॉम्प्युटरसमोर बसली होती आणि मामा तिच्या शेजारी खुर्ची टाकून. पडद्यावर पाहिलं तर पत्ते केवढाले, पाटाएवढे रुंद. बदामाची राणी फुगलेली, चौकटी आडव्या झोपलेल्या. सगळं चित्र ताणून पडदाभर पसरलेलं. मला राहवलं नाही. इतक्या वर्षांची शिकवण होती.

"मामा, हे ताणलंय. कडेला काळ्या पट्ट्या सोडल्या की माप बरोबर येईल. करून देऊ?"

"हात लावू नकोस," मामा म्हणाले. मग आवाज खाली आणून म्हणाले, "मोजलंय मी. पट्ट्या सोडल्या तर पत्त्यावरचा आकडा नऊ मिलिमीटर रुंद येतो. ताणल्यावर बारा. त्या तीन मिलिमीटरांत तिला सत्ती आणि नव्वी वेगळी कळते."

मी यादी उघडून पाहिली. सहाशे चाळीस बाय चारशे ऐंशी. यादीतला सगळ्यात खालचा आकडा. त्याच्या खाली काहीच नव्हतं. मामांनी माझ्या हातावरून हात पुढे करून ती यादी बंद केली.

"अजून उतरता येत नाही," मी काही न विचारताच ते म्हणाले. "पंधरा सेकंदांत परत येईल असंही हे काम नाही. तीन महिने घालवले मी तिचे."

"झालं यांचं सुरू," आत्या पडद्यावरून डोळे न हलवता म्हणाली. "घालवले तर घालवले. आता डाव तरी घालवू नका. सांगा, ती कोपऱ्यातली कोणती?"

मामांनी चष्मा सारखा केला आणि पुढे वाकून बघितलं. "बदामाची अठ्ठी," ते म्हणाले. आणि मग माझ्याकडे जरा संकोचाने बघत, शाळेत नुकतंच नाव घातलेल्या मुलासारखं त्यांनी तिला विचारलं, "लाल अठ्ठी काळ्या नव्वीवर जाते ना?"

"जाते," आत्या म्हणाली. "ठेवा तुम्हीच."

मामांनी माउस हातात घेतला, बदामाची ती लठ्ठ अठ्ठी उचलली आणि किलवरच्या नव्वीवर नीट, काठाला काठ लावून ठेवली. माझ्या माहितीप्रमाणे त्यांनी खेळलेलं हे आयुष्यातलं पहिलं पान.